पाणी उकळून प्यावं का?

आमच्या पिढीचं पाण्याबद्दलचं सगळं शहाणपण चार गोष्टींत मावत असे. गाळा, तुरटी फिरवा, उकळा, झाकून ठेवा. वर्गात वर्षानुवर्षं मी हेच शिकवलं. गावात साथ आली की विहिरीत ब्लीचिंग पावडर पडायची, घरोघरी पाणी उकळायचं, आणि पटकी, विषमज्वर, कावीळ यांचा बराचसा बंदोबस्त त्यातच होऊन जायचा. शत्रू जिवंत होता, म्हणून मारता येत होता. आणि मुख्य म्हणजे घरची बाई चुलीवर पातेलं ठेवून त्याला मारू शकत होती.

२०२५ च्या जानेवारीत इंदूरहून भाचीचा फोन आला. पूर्वी ती तब्येत आणि लोणच्याची कृती विचारायला फोन करायची, त्या दिवशी मात्र आवाज वेगळा होता. "मावशी, भोपाळचा कचरा रातोरात इकडे पीथमपूरला आणलाय. यशवंत सागरचं पाणी आमच्या शहराला येतं आणि तो तलाव तिथून जवळच आहे म्हणतात. आता पाणी उकळून प्यावं का?"

मी तिला म्हटलं, "आत्ता घाबरू नकोस, कचरा बंद कंटेनरमध्ये आहे. पण उकळण्याचं म्हणशील तर उपयोग नाही."

"म्हणजे मग काय करायचं?"

या प्रश्नाला माझ्याजवळ घरगुती उत्तर नव्हतं. फोन ठेवल्यावर वाटलं, आपल्या चार गोष्टी जिथे संपतात तिथूनच खरं प्रकरण सुरू होतं. तेव्हापासून या विषयावर जे मिळेल ते वाचते आहे. त्यातलं थोडं आज लिहिते.

आधी उकळण्याचंच पाहू. उकळल्याने जंतू मरतात. शिसं, क्रोमियम यांसारखे धातू मरत नाहीत, कारण ते जिवंतच नसतात. उलट पाणी आटलं की त्यांचं प्रमाण वाढतं. क्लोरोफॉर्मसारखी काही द्रव्यं तापवल्यावर उडतात, पण उडून ती आपल्याच स्वयंपाकघराच्या हवेत येतात. तुरटीने गढूळपणा खाली बसतो, पण विरघळलेलं कीटकनाशक त्याबरोबर बसेलच असं नाही. घरातलं आरओचं यंत्र काही गोष्टी काढतं. पण मुळात पाण्यात काय आहे आणि किती आहे हे प्रयोगशाळेत तपासल्याशिवाय कळत नाही. रंग, वास, चव यांवर विसंबावं, तर हे पाणी कितीतरी वेळा स्वच्छ काचेसारखं दिसतं.

भोपाळचं नाव घेतलं की आपल्याला १९८४ च्या २ आणि ३ डिसेंबरमधली ती रात्र आठवते. मिथाइल आयसोसायनेट वायू सुटला आणि माणसं झोपेत मेली. ते सगळ्यांना ठाऊक आहे. पण त्या कारखान्याचं दुसरंही एक प्रकरण आहे. ते त्या रात्रीच्या आधी सुरू झालं आणि अजून संपलेलं नाही. युनियन कार्बाइडचा हा कारखाना १९६९ मध्ये सुरू झाला. तिथे सेविनसारखी कीटकनाशकं तयार होत. उरलेसुरले रासायनिक पदार्थ आवारातच खड्ड्यांमध्ये टाकले जात. १९७७ पासून कारखान्याबाहेरच्या मोठ्या तलावांत रासायनिक सांडपाणी उन्हात आटवण्यासाठी सोडलं जाऊ लागलं. तलावांच्या तळाला प्लास्टिकचं अस्तर होतं. ते गळतं आहे, अशी नोंद १९८२ मध्येच, म्हणजे वायू सुटण्याच्या दोन वर्षं आधी, कंपनीच्या अंतर्गत पत्रव्यवहारात झालेली आहे.

दुर्घटनेनंतर कारखाना बंद पडला, पण माल तिथेच राहिला. दर पावसाळ्यात पाणी त्या मातीतून झिरपायचं आणि जाताना जे विरघळेल ते घेऊन खाली जायचं. भूगोल शिकवताना आम्ही फळ्यावर जमिनीचे थर काढत असू, वरून बाण खाली जात आणि शेवटी विहीर. त्या चित्रातलं पाणी नेहमी शुद्धच होत जाई, कारण माती गाळणी आहे असं आम्ही सांगत असू. जंतूंच्या आणि गाळाच्या बाबतीत ते पुष्कळसं खरंही आहे. पण कार्बन टेट्राक्लोराइडसारखी द्रव्यं पाण्याहून जड असतात. ती खाली खाली उतरत जातात, फटींमध्ये बसून राहतात आणि तिथून वर्षानुवर्षं थोडी थोडी पाण्यात सुटत राहतात. उगमच असा जमिनीत दडलेला असला, तर पंप लावून विहीर उपसल्याने फार काही साधत नाही.

१९९९ मध्ये ग्रीनपीसने आसपासच्या हातपंपांचं पाणी तपासलं, तेव्हा त्यात अशी क्लोरीनयुक्त द्रव्यं सापडली. २००९ मध्ये दिल्लीच्या 'सेंटर फॉर सायन्स अँड एन्व्हायर्नमेंट'ला कारखान्यापासून तीन किलोमीटरवरच्या भूजलातही कीटकनाशकं आढळली. लखनौच्या भारतीय विषविज्ञान संशोधन संस्थेच्या तपासण्यांनंतर बाधित वस्त्यांची संख्या २२ वरून ४२ वर गेली. कचरा जागच्या जागीच होता, चालत होतं ते पाणी.

मधल्या काळात सरकारने काय केलं? काहीच केलं नाही असं म्हणणं सोपं आहे, पण ते खरं नाही. हातपंपांना लाल रंग दिला. टँकरने पाणी पुरवलं. २००४ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने या वस्त्यांना स्वच्छ पाणी देण्याचा आदेश दिला, आणि पुढे बऱ्याच वर्षांनी नळ आले. मधे २००६ आणि २००८ मध्ये तिथली माणसं भोपाळहून दिल्लीपर्यंत पायी गेली. त्यांत म्हाताऱ्या बायकाही होत्या. आपल्याकडे माणसं इतकं चालतात ती विठ्ठलासाठी. हे लोक चालले त्यांच्या मागण्यांमध्ये पिण्याचं पाणी होतं.

लाल हातपंप आम्हा विदर्भातल्या लोकांना नवा नाही. यवतमाळ, चंद्रपूरकडे फ्लोराइडमुळे असे पंप रंगवलेले आपण पाहिले आहेत. पण ते फ्लोराइड खडकातच असतं, त्यात कुणाला जबाबदार धरणार? भोपाळचं विष मात्र माणसाने आणून टाकलेलं आहे. आणि ज्या घरात टँकर वेळेवर येत नाही, तिथली बाई लाल पंपाकडे किती दिवस पाठ फिरवेल? तिला रंग दिसतो, पण घरात तहानलेलं पोर असतं. त्यातली कितीतरी पोरं १९८४ नंतर जन्मलेली आहेत. वायूच्या भरपाईशी त्यांचा संबंध नाही, वाट्याला आलं ते फक्त पाणी.

आता त्या कचऱ्याची यात्रा ऐका. २००५ मध्ये आवारातला काही कचरा गोळा करून गोदामात ठेवला. पुढे तो ३३७ टन भरला. गुजरातमध्ये अंकलेश्वरला जाळायचं ठरलं, गुजरातने नकार दिला. २०११ मध्ये आमच्या नागपूरजवळच्या डीआरडीओच्या भट्टीत जाळायचं ठरलं. इथे मोठा विरोध झाला आणि महाराष्ट्र सरकारनेही नकार दिला. २०१२ मध्ये विमानाने जर्मनीला न्यायची बोलणी झाली. तिथेही लोक बिथरले आणि तो बेत बारगळला. २०१५ मध्ये पीथमपूरला दहा टन जाळून पाहिलं आणि पुन्हा सामसूम. शेवटी ३ डिसेंबर २०२४ रोजी, दुर्घटनेला चाळीस वर्षं झाली त्या दिवशी, मध्य प्रदेश उच्च न्यायालयाने चार आठवड्यांची मुदत दिली. तेव्हा कुठे १ जानेवारीच्या रात्री बारा कंटेनर निघाले आणि अडीचशे किलोमीटरवर पीथमपूरला पोचले. तिथे बंद झाला, दोघांनी अंगावर ज्वलनशील द्रव ओतून पेटवून घेण्याचा प्रयत्न केला. फेब्रुवारीच्या शेवटी चाचण्या सुरू झाल्या आणि जूनअखेर सगळा कचरा जाळून झाला. धूर मर्यादेत होता असं तिथल्या प्रदूषण नियंत्रण मंडळाने सांगितलं. जाळताना चुना वगैरे मिसळावा लागतो, त्यामुळे मागे आठशे टनांहून जास्त राख आणि अवशेष उरले. ते कुठे पुरायचे यावर पुन्हा न्यायालय.

ज्यांनी ज्यांनी नकार दिला, त्यांना मी नावं ठेवणार नाही. नागपूरकरांनाही नाही आणि पीथमपूरकरांनाही नाही. आमच्या दारात नको, असं म्हणणारा माणूस स्वार्थी असतो असं नाही. चाळीस वर्षांत त्याच्याशी कुणी धड बोललेलं नसतं, आणि भोपाळला काय झालं हे त्याने पाहिलेलं असतं. विश्वास एका रात्रीत, पोलीस बंदोबस्तात, कंटेनरबरोबर पोचवता येत नाही.

पण मला खटकतं ते पुढचंच. ३३७ टन गेले आणि बातम्या आल्या, भोपाळचं विष गेलं. आमच्या नागपूरच्याच 'नीरी' या संस्थेने हैदराबादच्या भूभौतिक संस्थेबरोबर २०१० मध्ये अंदाज दिला होता की तिथली दूषित माती ११ लाख टनांच्या घरात आहे. ११ लाख कुठे आणि ३३७ कुठे! गोदामातल्या पोत्यांचा फोटो काढता येतो, कंटेनर टीव्हीवर दाखवता येतो. जमिनीखालच्या पाण्याचा फोटो निघत नाही.

दुसरं एक प्रकरण बिछडीचं. राजस्थानात उदयपूरजवळचं हे गाव. १९८० च्या दशकाच्या अखेरीस तिथल्या रासायनिक कारखान्यांचा गाळ उघड्यावर पडला आणि विहिरींचं पाणी रंगीत झालं. तिथे निदान दिसत तरी होतं. १९९६ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने सांगितलं की ज्याने घाण केली त्याने साफसफाईचा खर्च द्यायचा. पुढे सुमारे ३७ कोटींचा आकडा ठरला, आणि मग अर्जावर अर्ज. २०११ मध्ये न्यायालयाने पुन्हा खडसावून, चक्रवाढ व्याजासह द्या, असा हुकूम केला. म्हणजे निकालानंतर पंधरा वर्षं गेली. तोवर विहिरीकाठच्या एका पिढीचं शिक्षण, लग्नकार्य सगळं उरकलं असेल.

जुलै २०२५ मध्ये केंद्र सरकारने दूषित जागांच्या व्यवस्थापनाचे नियम जाहीर केले. तोवर आपल्याकडे अशा जागांसाठी स्वतंत्र कायदेशीर चौकट नव्हती. या नियमांप्रमाणे जिल्हा प्रशासनाने संशयित जागांची यादी दर सहा महिन्यांनी द्यायची. राज्य मंडळाने ९० दिवसांत प्राथमिक तपासणी करायची, मग सविस्तर तपासणी, जागा दूषित ठरली तर लोकांना कळवायचं आणि तिथला वावर रोखायचा. जबाबदार कोण ते शोधायचं आणि खर्च त्याच्याकडून घ्यायचा. तो सापडला नाही किंवा त्याची ऐपत नसली, तर सरकारने सोय करायची. नियम निघाले तेव्हा देशात अशा १०३ जागा नोंदलेल्या होत्या आणि प्रत्यक्ष सफाई सुरू झालेल्या फक्त सात.

नियम मी शिक्षिकेच्या नजरेने वाचले. यादीला मुदत आहे, तपासणीला मुदत आहे, जबाबदार शोधायला मुदत आहे. सफाई पुरी करायला मात्र मुदत नाही. गृहपाठ दिला, वही कोणत्या रंगाची ते सांगितलं, समास किती सोडायचा तेही सांगितलं, पण आणून कधी दाखवायचा ते सांगितलंच नाही, तर तो गृहपाठ कोण करतो? वर्गातला हुशारातला हुशार मुलगाही करत नाही. भोपाळचा कचरा तरी कधी हलला? चार आठवडे हे शब्द आले तेव्हा.

तरीही हे नियम मला टाकाऊ वाटत नाहीत. यादी ही पहिली पायरी आहे, आणि ती जिल्ह्याच्या पातळीवर तयार व्हायची आहे. आपल्या गावाजवळची बंद पडलेली फॅक्टरी, तिच्या मागचा रंगीत नाला, ज्या विहिरीचं पाणी गुरंही तोंडात घेत नाहीत ती विहीर, हे जिल्हाधिकारी कार्यालयाला आधी कोण सांगणार? आपणच. आमच्या जिल्ह्याची यादी केली का, त्यात कोणत्या जागा आहेत, असं माहितीच्या अधिकारात विचारता येतं. त्याला दहा रुपये आणि एक कागद लागतो, रसायनशास्त्राची पदवी लागत नाही. बोअरचं पाणी पिणाऱ्यांनी ते एकदा प्रयोगशाळेत नुसत्या जंतूंसाठी नव्हे, तर धातूंसाठीही तपासून घ्यावं.

पटकीच्या काळात सरकार कमी पडलं तरी चूल होती. या पाण्याला चूल पुरी पडत नाही, तेव्हा चुलीचं काम सरकारनेच करायला हवं, आणि ते होतंय की नाही हे विचारत राहायचं काम आपलं. ज्यांच्या आसपास अशी जागा असेल त्यांनी जरूर कळवा. अर्ज कसा लिहायचा ते मी सांगेन. अर्जलेखन तर मी आयुष्यभर शिकवलं आहे!