मुभा मागायची राहिली

उच्च न्यायालयात याचिका मागे घेताना एक वाक्य बोलायचं असतं. मी ते बोललो नाही आणि भुर्दंड माझ्या पक्षकाराला पडला.

प्रकरण वारसनोंदीचं. वडील गेल्यावर भावांनी बहिणीचं नाव वगळून फेरफार घातला, मंडल अधिकाऱ्यांनी तो प्रमाणित केला. ताईंना नोटीस मिळालीच नव्हती. महाराष्ट्र जमीन महसूल संहितेच्या कलम २४७ खाली उपविभागीय अधिकाऱ्यांकडे अपील करता येतं, मुदत ६० दिवसांची. ते सोडून मी थेट रिट दाखल केली. नैसर्गिक न्याय डावलला गेला असेल तर पर्यायी उपाय असूनही रिट चालू शकते, हे व्हर्लपूल खटल्यात १९९८ साली सर्वोच्च न्यायालयाने सांगितलंय. पण ते न्यायालयाच्या मर्जीवर असतं, हे मी ताईंना समजावलं नव्हतं.

याचिका बोर्डावर लागली तोवर अपिलाची मुदत उलटली होती. "अपील का नाही केलं?" न्यायमूर्तींनी विचारलं. याचिका फेटाळली जाणार हे ओळखून मी घाईने म्हणालो, "मागे घेतो." आदेश झाला: याचिका मागे घेतल्याने निकाली. योग्य ठिकाणी दाद मागण्याची मुभा द्यावी आणि इथे गेलेला काळ विलंबमाफीच्या वेळी विचारात घ्यावा, एवढं मागितलं असतं तर बहुधा मिळालं असतं. नंतर 'स्पीकिंग टू द मिनिट्स'साठी धावलो. पण ती सोय आदेशात राहिलेली किरकोळ चूक सुधारायला असते. जे मागितलंच नाही, ते त्यात घालून मिळत नाही.

सरगुजा ट्रान्सपोर्टच्या १९८६ च्या निकालानुसार, परवानगीशिवाय मागे घेतलेली रिट त्याच कारणासाठी पुन्हा करता येत नाही. दावा किंवा दुसरा उपाय मात्र त्यामुळे बंद होत नाही. म्हणजे अपिलाची वाट खुली होती. तरी विलंबमाफीच्या अर्जावर समोरच्या वकिलांनी तोच आदेश पुढे केला: मुभा घेतलेली नाही, बाईंनी हक्क सोडलाय. त्यावर तारखांमागून तारखा पडल्या.

त्याहून मोठी चूक न्यायालयाबाहेरची. "केस काढून घेतली, आता खाली लावू," इतकंच मी ताईंना फोनवर सांगितलं. त्या बराच वेळ बोलल्या नाहीत. मग म्हणाल्या, "वकीलसाहेब, म्हणजे आपण हरलो का?" मी "नाही, नाही" म्हणत विषय संपवला. माझ्याकडून काय राहिलं, ते त्यांना पुढे समोरच्या वकिलांच्या युक्तिवादातून कळलं.

विलंब अखेर माफ झाला. तोवर भावांनी नव्या सातबाऱ्यावर रस्त्याकडेचा तुकडा विकून टाकला होता. फेरफाराने मालकी ठरत नाही. ताईंचा हिस्सा हिंदू वारसा कायद्याच्या २००५ च्या दुरुस्तीने पक्का होता. म्हणून पहिल्याच दिवशी दिवाणी न्यायालयात वाटपाचा दावा आणि विक्रीला मनाई मागायला हवी होती. आता तो दावा चालू आहे आणि खरेदीदारही त्यात प्रतिवादी आहे. उरलेल्या जमिनीवर मनाई मिळाली. रस्त्याकडेच्या तुकड्यावर खरेदीदाराने कुंपण घातलंय.