इत्झांच्या विहिरीच्या तोंडी

मेक्सिको देशाच्या आग्नेय टोकास युकातान नावाचे एक द्वीपकल्प समुद्रात शिरले आहे. या प्रदेशातील पहिली नवलाची गोष्ट अशी की, त्याच्या उत्तर भागात जमिनीवरून वाहणारी नदी म्हणून नाही. पाऊस पडतो, चांगला पडतो. परंतु सारी भूमी चुनखडीची असल्यामुळे पाणी झिरपून खाली जाते व भूमीच्या पोटातूनच वाहते. आपला सह्याद्रि कठीण काळ्या पाषाणाचा. तेथे लेणी कोरावयाची तर पिढ्यान् पिढ्या छिन्नी-हातोडा चालवावा लागला. येथे ते काम पावसानेच करून ठेवले आहे. पाण्याने पोखरलेल्या गुहेचे छत कोठे कोठे ढासळते आणि खाली नितळ पाण्याचा डोह उघडा पडतो. अशा डोहास तेथील लोक ‘त्सोनोत’ म्हणत. स्पॅनिश लोकांनी त्याचेच ‘सेनोते’ केले. चिचेन इत्झा या प्राचीन नगराचे नाव अशा डोहावरूनच पडले आहे. ‘ची’ म्हणजे तोंड, ‘चेन’ म्हणजे विहीर, आणि इत्झा हे तेथे वसलेल्या लोकांचे नाव. इत्झांच्या विहिरीच्या तोंडचे गाव, असा त्या नावाचा विग्रह होतो.

गेल्या माघात आम्ही उभयता अमेरिकेत चिरंजीवांकडे होतो. त्यांनी सर्व मंडळींस चार दिवस कान्कुन येथे नेले. वाळूत आडवे पडून ऊन खात राहणे हा उद्योग आमच्या प्रकृतीस मानवणारा नव्हे. म्हणून मुलांना समुद्राच्या स्वाधीन करून आम्ही व सौ. एका दिवसाच्या सहलीच्या मोटारीत जाऊन बसलो. कान्कुनपासून चिचेन इत्झा सुमारे दोनशे किलोमीटर आहे. बरोबर वाटाड्या होता. ठेंगणा, रुंद चेहऱ्याचा, पस्तिशीचा गृहस्थ. घरी माया भाषा, बाजारात स्पॅनिश आणि आमच्याशी स्वच्छ इंग्रजी. मोटार सुटताच तो म्हणाला, “माया लोक एकाएकी नाहीसे कसे झाले, हा प्रश्न मला रोज विचारतात. आज पहाटे माझ्या आईने मला न्याहारी वाढली. ती माया आहे. ती नाहीशी झाल्याचे तिला अद्याप कोणी कळविलेले नाही.” आम्ही शाळामास्तर होतो हे कळल्यापासून तो आम्हांस ‘मायेस्त्रो’ म्हणू लागला. तिकडे मास्तरास हाच शब्द आहे.

मोटारीत आमच्याच बाजूचे एक गृहस्थ भेटले. मराठी ऐकून त्यांस आनंद झाला आणि त्या भरात त्यांनी सिद्धान्त मांडला की, हे माया लोक म्हणजे मयासुराचे वंशज होत. पांडवांची सभा बांधणारा मय, सूर्यसिद्धान्तात प्रत्यक्ष सूर्यापासून ज्योतिष शिकणारा मय, तोच पाताळात म्हणजे अमेरिकेत गेला. नाव तेच, शिल्प तेच, ज्योतिष तेच! ही कल्पना आपल्याकडे बऱ्याच सुशिक्षित घरांत आढळते, म्हणून तिजविषयी दोन शब्द लिहिणे अवश्य वाटते. मय आणि माया हे उच्चार जवळचे आहेत, एवढाच काय तो पुरावा. उच्चारसाम्यावरून व्युत्पत्ती ठरवू लागलो तर कोश मिटून ठेवावे लागतील. माया लोक वीसच्या पटीत मोजीत, आपण दहाच्या. त्यांस लोखंड ठाऊक नव्हते. गाय, घोडा, तांदूळ, गहू यांपैकी काही नव्हते. ज्यास सूर्याने ज्योतिष शिकविले तो असुर दहापर्यंत मोजणे आणि गाय ही दोन्ही वाटेतच विसरला काय, असे आम्ही विचारले. गृहस्थ हसले; पण त्यांचे मत बदलल्याचे चिन्ह दिसले नाही.

झाडीतून बाहेर पडताच समोर कुकुलकान या पिसे असलेल्या सर्पदेवाचे मंदिर एकदम उभे राहते. नऊ टप्प्यांचा चौकोनी मनोरा, उंची सुमारे शंभर फूट. वेरूळचे कैलास लेणे कोरले गेले त्यानंतरच्या दोन-तीन शतकांत या नगराचा उत्कर्ष झाला. मंदिराच्या चारी बाजूंस प्रत्येकी ९१ पायऱ्या. त्यांची बेरीज ३६४, आणि माथ्यावरची एक मिळून ३६५. हे पंचांगच दगडात बांधून काढले आहे. संपाताच्या दिवसांत उतरत्या उन्हाने टप्प्यांची सावली उत्तरेकडील कठड्यावर अशी पडते की, प्रकाशाचे त्रिकोण पायथ्याच्या सर्पमुखाला जाऊन मिळतात आणि साप खाली उतरत असल्याचा भास होतो. समोर उभे राहून टाळी वाजविली असता पायऱ्यांवरून येणारा प्रतिध्वनि पक्ष्याच्या चिरक्या हाकेसारखा ऐकू येतो. शंभर-दीडशे माणसे एकदम टाळ्या वाजवीत होती, त्यामुळे कोणाचा पक्षी कोणता हे मात्र समजत नव्हते. वर चढण्यास २००६ पासून मनाई आहे. आमच्या गुडघ्यांनी त्या हुकुमाचे स्वागत केले.

आमचे मन गुंतले ते अंकांत. वाटाड्याने सावलीत बसून काटकीने धुळीत आकडे काढून दाखविले. ठिपका म्हणजे एक, आडवी रेघ म्हणजे पाच, आणि शिंपला म्हणजे शून्य. आकडे एकाखाली एक लिहावयाचे. सर्वांत खाली एकं, त्यावर विसांचे स्थान. त्याने आमचे वय विचारले. सदुसष्ट म्हणताच वर तीन ठिपके, म्हणजे तीन विसा. खाली एक रेघ व दोन ठिपके. मग सौ. कडे पाहिले. त्या सांगेनात, म्हणून आम्हीच सांगितले की, नुकतीच साठी झाली. त्याने वर तीन ठिपके काढले आणि खाली एक सुरेख शिंपला. सौ. नी तो आकडा पायाने लगेच पुसला. परंतु रिकाम्या स्थानाची जागा राखून ठेवणारे चिन्ह आम्ही पाहून घेतले होते. ब्रह्मगुप्ताने इ. स. ६२८ मध्ये शून्याच्या गणिताचे नियम सांगितले, हे आम्ही वर्गात वर्षानुवर्षे अभिमानाने शिकविले, आणि ते खरेच आहे. पण माया लोकांच्या शिलालेखांत चौथ्या शतकातही शून्याचे चिन्ह येते, आणि तेथे कोणी गुरु समुद्र ओलांडून गेला नव्हता. ज्याचे त्यास द्यावे. त्याने ब्रह्मगुप्ताचे काही उणे होत नाही.

आपण कलियुगारंभापासून दिवस मोजून अहर्गण काढतो. तेही एका आरंभदिनापासून दिवस मोजीत आले. त्यांचा आरंभ इ. स. पूर्व ३११४, आपला इ. स. पूर्व ३१०२. बाराच वर्षांचे अंतर पाहून आमचे सहप्रवासी पुन्हा उसळले. दोन अनोळखी माणसे बारा मिनिटांच्या अंतराने एका स्टेशनावर उतरली तर ती भाऊ ठरत नाहीत, एवढेच बोलून आम्ही पुढे निघालो.

तेथील चेंडूचे भव्य क्रीडांगण, भिंतीवरचे दगडी कडे, शिरच्छेद झालेल्या खेळाडूचे शिल्प, हे सारे छायाचित्रांतून पुष्कळांनी पाहिले असेल. तेथून आम्ही पवित्र डोहाकडे गेलो. सुमारे साठ मीटर रुंद, कडे उभे तुटलेले, आणि खोल खाली हिरवट, निश्चल पाणी. विसाव्या शतकाच्या आरंभी येथील गाळ उपसला तेव्हा सोने, जेड, धूप आणि माणसांची हाडे निघाली. या डोहात सुंदर कुमारिका टाकीत, अशी कथा पूर्वी सांगत. अलीकडचे संशोधन निराळेच सांगते. डोहाजवळच १९६७ मध्ये भूमिगत टाके व त्यास जोडलेली लहान गुहा सापडली होती. तीत शंभराहून अधिक मुलांच्या अस्थी होत्या. त्यांपैकी ६४ मुलांच्या अस्थींतील आनुवंशिक द्रव्याची तपासणी २०२४ मध्ये प्रसिद्ध झाली. सर्व मुलगे, बहुतेक तीन ते सहा वर्षांचे, पुष्कळसे एकमेकांचे जवळचे नातलग, आणि त्यांत एकसारख्या जुळ्यांच्या दोन जोड्या. माया पुराणांत पाताळात उतरलेल्या जुळ्या वीरांची कथा आहे. तिच्याशी याचा संबंध असावा, असे संशोधक म्हणतात. हे ऐकताच सौ. म्हणाल्या, “त्यांच्या आयांना कोणी विचारले असेल का हो?” आम्हांस ऐतरेय ब्राह्मणातला यूपास बांधलेला शुनःशेप आठवला. तो सुटला, एवढेच. त्याच तपासणीत आणखी एक गोष्ट ठरली: या मुलांचे रक्त आजच्या तिश्काकालतुयुब गावच्या माया रहिवाशांच्या रक्ताशी जुळते. वाटाड्याची आई नाहीशी झाली नाही, याची ही शास्त्रीय पावती म्हणावयाची.

मग त्या लोकांची पुस्तके कोठे गेली? झाडाच्या सालीच्या कागदावर चित्रलिपीत लिहिलेले, घडीचे असे त्यांचे ग्रंथ होते. १५६२ च्या जुलैत मानी या गावी दिएगो दे लांदा नावाच्या स्पॅनिश पाद्र्याने सापडतील तितके गोळा करून जाळले. आज जगात चार उरले आहेत. त्यांपैकी तीन ड्रेस्डेन, माद्रिद आणि पॅरिस यांच्या नावांनी ओळखले जातात. दैवाचा खेळ असा की, याच लांदाने पुढे आपल्या ग्रंथात त्या लिपीतील काही चिन्हांचे उच्चार टिपून ठेवले, आणि त्या टिपणाच्या आधाराने १९५२ मध्ये क्नोरोझोव्ह या रशियन पंडिताने लिपीच्या वाचनाची किल्ली शोधून काढली.

लांदास दोष देणे सोपे आहे, व तो द्यावाच. परंतु आम्हांस वाटाड्याचे पुढचे बोलणे अधिक लागले. तो म्हणाला, “मायेस्त्रो, ही अक्षरे राजे, पुरोहित आणि त्यांचे लेखक यांनाच येत. शेतकऱ्याला कोणी शिकविली नाहीत. ते गेले, तशी अक्षरेही गेली. भाषा आम्ही राखली, कारण ती आमच्या तोंडात होती. अक्षरे आमच्या हातात कधी दिलीच नव्हती.” आम्ही पाठशाळेत अमरकोश घोकला. त्या ओट्यावर कोणास बसू देत आणि कोणास नाही, हे वाचकांस सांगावयास नको. आपल्या पोथ्या वाचल्या याचे श्रेय आपण घोकंपट्टीला देतो, ते योग्यच. पण घोकणारी घरे मूठभर होती, आणि लांदासारखा कोणी त्या मुठीवरच येता तर काय उरले असते, हा विचार दुपारभर मनातून जाईना. आता माया बोलणाऱ्या गावांतही त्या लिपीचे वर्ग भरतात. आमचा वाटाड्याही शिकत होता. आपले नाव त्याने आम्हांस लिहून दाखविले.

जेवणात मक्याच्या पातळ भाकऱ्या, काळ्या घेवड्याची उसळ व मिरचीचे वाटण एवढे आम्हांस चालण्याजोगे होते, आणि ते उत्तम होते. मका तेथे चुन्याच्या पाण्यात उकळून मग वाटतात. मिरची मुळात त्याच देशची. आपल्याकडे ती पोर्तुगीजांनी आणली, हे त्या वाटणाचा पहिला घास घेताच पटते.

दुपारी वायादोलिदच्या रस्त्यास लागलो. सहा किलोमीटरांवर बालान्कान्चे ही गुहा आहे. मोटार तेथे थांबली नाही, पण हकीकत ऐकावयास मिळाली. १९५९ मध्ये तेथे एका वाटाड्यास आतली एक भिंत माणसाने चिणलेली दिसली. ती फोडल्यावर पलीकडे छतापासून जमिनीपर्यंत पोहोचलेला, झाडासारखा चुनखडीचा खांब आणि त्याच्या भोवती धुपाटणी, चात्या व खेळण्याएवढे दगडी पाटे-वरवंटे, शेकडो वर्षांपूर्वी ठेवले तसेच! जवळच्या गावच्या माया पुरोहिताने येऊन सांगितले की, पाऊसदेवाचे घर उघडलेत, शांति केल्यावाचून चालणार नाही. आणि संशोधकांनी ती रीतसर करू दिली. या लोकांच्या पर्जन्यविधीत लहान मुले वेदीपाशी बसून बेडकांसारखा आवाज काढतात, असे वाटाड्याने सांगितले. ऋग्वेदाच्या सातव्या मंडलातील मंडूकसूक्त आम्ही त्यास थोडक्यात समजावून दिले. बेडकांना वेद म्हणणाऱ्या ब्राह्मणांची उपमा दिली आहे हे ऐकून तो पोट धरून हसला.

शेवटी झितनूप गावची श्केकेन ही गुहा. श्केकेन म्हणजे डुक्कर. हरवलेले एक डुक्कर दुष्काळातही चिखलाने माखून परत येई, त्यावरून या पाण्याचा पत्ता लागला, असे सांगतात. आधी अंगावरची मलमे धुऊन स्नान करावे लागते, तेव्हाच पाण्यात प्रवेश. हा नियम सौ. ना फार आवडला. अरुंद, ओलसर पायऱ्या वाकून उतरलो आणि एकदम मोठ्या घुमटाखाली आलो. माथ्यावर एकच भोक. त्यातून उन्हाचा सरळ खांब निळ्या पाण्यात उतरलेला. भोवती छतावरून लोंबणारे चुनखडीचे सुळके. त्यांच्या टोकावरून थेंब पडे, आणि त्याचा आवाज येईपर्यंत सारे गप्प असत. तरुण मंडळी तरंगण्याची जाकिटे घालून उतरली. आम्ही काठच्या दगडावर बसून पाय सोडले. बोटांएवढे काळसर मासे येऊन पायांशी थांबले. सौ. नी ओंजळभर पाणी घेऊन डोळ्यांना लावले. कोणत्या देवाचे म्हणून, ते आम्ही विचारले नाही.

वर तिकिटाच्या खिडकीशी एक म्हातारी बसली होती. वाटाड्या तिच्याशी माया भाषेत बराच वेळ बोलत होता. आभार मानावयास तुमच्याकडे काय म्हणतात, असे आम्ही त्यास विचारले. “दिओस बोओतिक,” तो म्हणाला. “पहिला शब्द स्पॅनिश, म्हणजे देव. दुसरा आमचा, म्हणजे फेडतो.” रात्री कान्कुनला मोटारीतून उतरताना सौ. नी ते दोन शब्द त्यास इतके स्पष्ट म्हणून दाखविले की, त्याने टोपी काढली.