नळाची पाळी आणि आठवड्याचा स्वयंपाक

नांदेड, शनिवार रात्र

चि. धाकटीस अनेक आशीर्वाद.

काल फोनवर तुझा आवाज रडवेला होता. तुझी शाळा, लेकाची नीटची तयारी, सासूबाईंची साखर आणि त्यात ते स्वयंपाक ठरवून देणारं अ‍ॅप. "ताई, त्यानं कामच वाढवलं," म्हणालीस. लगेच काढून टाकू नकोस. मलाही ते हाताला बसायला दोन महिने लागले.

तू त्याला विचारतेस, आज काय करू? तिथंच अडतं. त्याच्याकडं ज्या पाककृती आहेत त्यांतूनच ते देणार, म्हणून मंगळवारी ब्रोकोली येते. आधी आपल्या घरात फिरून फिरून होणारे वीसेक पदार्थ तू त्यात भर: पिठलं, धपाटे, शेंगदाण्याची आमटी, मेथीची भाजी, मटकीची उसळ. कृती लिहीत बसू नकोस, नाव आणि मुख्य जिन्नस पुरेत. जिन्नसाचं नाव मात्र सगळीकडं एकच ठेव. मी एकीकडं 'तूर डाळ' आणि दुसरीकडं 'तुरीची डाळ' लिहिलं, तर बाजाराच्या यादीत डाळ दोनदा आली. तुमच्याकडं बोरसुरीची डाळ आणि पानचिंचोलीची चिंच वर्षाची भरलेली असते. ती आणि ज्वारी यादीतून कायमची वगळ.

मटकी बुधवारी हवी तर सोमवारी रात्री भिजवावी लागते, हे अ‍ॅप सांगत नाही. 'मटकी भिजव' हाच एक पदार्थ करून सोमवारच्या रकान्यात टाक. एकादशी-चतुर्थी तारखेनं लागत नाहीत. महिना लागला की कॅलेंडर घेऊन बस आणि ते दिवस हातानं भर.

सासूबाईंच्या भाकरीकडं नीट बघ. अ‍ॅप भाकरीला पोळीच्या हिशेबात धरतं आणि आकडा फार कमी दाखवतं. मी पीठ तोलून पाहिलं, माझ्या एका भाकरीला ८० ग्रॅम लागतं. हैदराबादच्या राष्ट्रीय पोषण संस्थेनं २०१७ साली आपल्याकडच्या ५२८ अन्नपदार्थांचे तक्ते काढले, त्यात शंभर ग्रॅम ज्वारीला सुमारे ३३४ कॅलरी आहेत. म्हणजे माझी एक भाकरी जवळपास २७० ची. तू तुझं पीठ एकदा तोल आणि 'भाकरी' स्वतंत्र नोंदव. गोळ्यांचं मात्र डॉक्टरांनाच विचार.

आता पाण्याचं. हे मला सगळ्यांत महत्त्वाचं वाटतं, कारण एकही अ‍ॅप ते विचारत नाही. एप्रिल २०१६ मध्ये मिरजेहून लातूरला रेल्वेनं पाणी आलं. पहिल्या गाडीत दहा टाक्या, सुमारे पाच लाख लिटर. त्या उन्हाळ्यात मी तुझ्याकडं आले होते. तू तांदळाच्या धुवणात भाजी धुवायचीस आणि तेच पाणी तुळशीला घालायचीस. आता तशी वेळ नाही, पण नळ रोज येत नाहीच. म्हणून आठवडा सोमवारपासून लावू नकोस, पाळीच्या दिवसापासून लाव. नळ आला त्या दिवशी आणि दुसऱ्या दिवशी पालेभाजी, कोथिंबीर, जास्त भांडी पडणारं सगळं. पाळी लांबली की पिठलं-भाकरी, कारळाची चटणी, दही-धपाटे. एक कढई, एक तवा. पदार्थाच्या नावापुढं 'कमी पाणी' असं लिहून ठेव. शोधात ते दोन शब्द टाकले की तेवढेच पदार्थ समोर येतात आणि पाळी पुढं सरकली तर दोन मिनिटांत दिवस बदलता येतात.

येळवशीचा दिवस कोरा सोड. चौघांची भज्जी तीस माणसांची करायला सांगितली तर अ‍ॅप मीठ, मिरची, चिंच सगळं साडेसातपट करतं. मीठ-तिखट तसं वाढत नाही. आई आधी निम्म्यानं घालायची, चाखायची, मग पुढं. तसंच कर.

पुढची पाळी कोणत्या वारी आहे ते कळव. पहिला आठवडा मी इथून लावून पाठवते.

तुझी,
ताई