योकोहामातील पाणपोई

परक्या गावी वाट दाखविणाऱ्या माणसाची सोय आपल्याकडे फार जुनी आहे. नाशिक, त्र्यंबकेश्वर, काशी, गया अशा क्षेत्री पाऊल टाकले की उपाध्ये पुढे येतात आणि पहिला प्रश्न विचारतात, "गाव कोणते? आडनाव काय?" मग कापडात बांधलेली लांबट वही उघडली जाते आणि आजोबा-पणजोबांची नावे समोर येतात. आपण क्षेत्र पाहायला गेलेलो असतो आणि पाहून येतो आपलीच वंशावळ. सदलगा-निपाणी भागातील कित्येक मराठी घराण्यांना आपण दूधगंगेच्या काठी कोठून व कोणत्या पिढीत येऊन राहिलो, याचा पत्ता अशाच एखाद्या वहीतून लागलेला आहे. हल्लीच्या सहलीतील गाईड मात्र गाव विचारत नाही. तो झेंडा उंच धरून चालतो आणि चाळीस माणसे त्याच्या मागून चालतात. म्हणूनच जपानमधील योकोहामा या बंदराच्या शहरी आम्हा दोघांपुरताच लाभलेला एका दिवसाचा वाटाड्या मला विशेष वाटला.

निवृत्तीनंतर मुलाच्या आग्रहास्तव आम्ही उभयता त्याच्याकडे जपानला गेलो. त्याला रजा मिळण्याजोगी नव्हती. "बाबा, योकोहामा तुम्ही माहीतगार माणसाबरोबरच पाहा," असे म्हणून त्याने आमच्यासाठी खाजगी मार्गदर्शकाची व्यवस्था करून टाकली. सरकारी सेवेत मी आयुष्यभर इतरांची प्रवासभत्त्याची बिले तपासलेली. एका दिवसासाठी एवढी रक्कम, हे माझ्या पचनी पडेना. सौ.ने मात्र पहाटे उठून दशम्या बांधल्या आणि विषय संपविला. जपानी स्वयंपाकात माशाचा अर्क कोठे व कसा येईल याचा भरवसा नसतो, हे तोवर आम्ही शिकलो होतो.

स्थानकावर आमची वाट पाहत उभ्या असलेल्या बाई साठी ओलांडलेल्या होत्या. पूर्वी त्या शाळेत इंग्रजी शिकवीत. गळ्यात ओळखपत्र होते. त्या देशात परदेशी पाहुण्यांना देश दाखविणाऱ्यांसाठी १९४९ पासून कायदा आहे आणि सरकारी परीक्षाही आहे. तीत परकी भाषा तर असतेच, शिवाय जपानचा इतिहास, भूगोल आणि सामान्य ज्ञान यांचेही प्रश्नपत्र असते. २०१८ पर्यंत परवान्यावाचून मोबदला घेऊन हे काम करता येत नसे. आता ती सक्ती नाही, तरी परवाना असलेली माणसे तो अभिमानाने गळ्यात बाळगतात. खात्याच्या परीक्षांत आणि कन्नडच्या परीक्षेत उमेदवारी घालविलेल्या मला ही माहिती ऐकून त्या बाईंविषयी एकदम आपुलकी वाटली.

चालू लागण्यापूर्वी त्यांनी विचारले, "आपण भारतातून आलात, पण भारतात कोठून?" मी कर्नाटक म्हणालो. त्यांनी भाषा विचारली. मी मराठी म्हणालो. राज्य एक आणि भाषा दुसरी, हे कसे, असे त्यांनी कुतूहलाने विचारले. मी कार्यालयीन टिपणी लिहावी तशा चार वाक्यांत सांगितले, की आमचे गाव पूर्वी मुंबई राज्यात होते. १ नोव्हेंबर १९५६ रोजी ते तेव्हाच्या म्हैसूर राज्यात गेले. माझे वडील शाळेत मराठी शिकले आणि मी नोकरी कन्नडमध्ये केली. आणि त्या सीमेचा वाद २००४ पासून सर्वोच्च न्यायालयात आहे. बाईंनी लहानशा वहीत काहीतरी टिपून घेतले. त्या दिवसाचा मार्ग त्यांनी त्या क्षणी बदलला असावा, अशी माझी समजूत आहे.

बंदराच्या धक्क्यावर उभे राहून त्यांनी शहराचा पूर्ववृत्तांत सांगितला. १८५० च्या सुमारास येथे मासेमारांचे एक लहानसे खेडे होते. अमेरिकन नौदलाचा कमोडोर पेरी आपल्या युद्धनौका घेऊन आला, १८५४ मध्ये तह झाला आणि १८५९ मध्ये हे बंदर परदेशी व्यापाराला खुले झाले. परदेशी लोकांना वसाहतीसाठी जागा हवी म्हणून मूळ गावकऱ्यांना उठवून शेजारच्या भागात नेऊन बसविण्यात आले. त्या वस्तीला मोतोमाची म्हणजे मूळ गाव असे नाव पडले. मूळचे लोक हलले आणि नावात तेवढे मूळ राहिले! त्यानंतर कच्च्या रेशमाच्या निर्यातीवर शहर वाढले. १८७२ मध्ये जपानची पहिली आगगाडी येथून तोक्योपर्यंत धावली. आमची मुंबई-ठाणे गाडी त्याच्या १९ वर्षे आधी, १८५३ मध्ये सुटली होती, हे मी बाईंना सांगितले, तेव्हा त्यांनी तेही टिपून घेतले. त्या खेड्याचे आज सुमारे ३७ लाख वस्तीचे शहर झाले आहे आणि १९६५ पासून मुंबई व योकोहामा या भगिनी-नगरी म्हणून जोडलेल्या आहेत.

त्याच धक्क्यावर मला आपल्याकडची एक गोष्ट सांगता आली. स्वामी विवेकानंद ऑक्टोबर १८९२ मध्ये कोल्हापूरहून बेळगावला आले आणि प्रथम वकील भाटे यांच्या घरी उतरले. ते मराठी घर होते. तेथून ते वनखात्यातील अधिकारी हरिपद मित्र यांच्याकडे राहायला गेले. पुढल्या वर्षी मे अखेरीस त्यांनी मुंबईचा किनारा सोडला आणि जुलै १८९३ मध्ये याच योकोहामाहून 'एम्प्रेस ऑफ इंडिया' या जहाजाने ते पुढे गेले. जमशेटजी टाटा त्यांचे सहप्रवासी होते. बेळगावातील एका मराठी गृहस्थाच्या पंक्तीला बसलेला संन्यासी नऊ-दहा महिन्यांत या पाण्यावर होता, या विचाराने समोरचा परका समुद्र थोडा ओळखीचा वाटू लागला.

दुपारी आम्ही यामाशिता उद्यानात पोहोचलो. समुद्राला लागून असलेली ही लांबच लांब हिरवळ, गुलाबांचे ताटवे, शेजारी नांगरून ठेवलेले १९३० सालचे 'हिकावा मारू' हे जुने जहाज. बाकावर बसून आम्ही दशम्या सोडल्या. बाईंनीही एक घेतली आणि तिळाची चटणी आवडीने खाल्ली. मग त्या म्हणाल्या, "आपण बसलो आहोत ती जमीन खरी जमीन नाही. हे शहराचे पडलेले अवशेष आहेत."

१ सप्टेंबर १९२३ रोजी दुपारी बाराला दोन मिनिटे असताना कांतो प्रदेशात महाभूकंप झाला. चुलींवर जेवण शिजत होते, त्यामुळे लागोपाठ आगी लागल्या. तोक्यो आणि योकोहामा मिळून एक लाखाहून अधिक माणसे गेली. योकोहामा जवळजवळ भुईसपाट झाले. मग तो सारा राडारोडा समुद्रात लोटून भर घालण्यात आली आणि त्या भरावावर १९३० मध्ये हे उद्यान उघडले. आता तेथे मुले पतंगामागे धावत होती.

बाई उठल्या आणि आम्हांला उद्यानाच्या एका कडेला घेऊन गेल्या. तेथे घुमटाखाली कमानींची एक छोटी, देखणी वास्तू उभी होती. घडण पाहताच मन चमकले, कारण तो घुमट जपानी नव्हता. आत मान वर करून पाहिले तर छतावर रंगीत तुकड्यांची नक्षी. बाई म्हणाल्या, "हा तुमचा आहे." भूकंपापूर्वी या शहरात रेशमाचा व्यापार करणारे भारतीय होते. त्यांच्यापैकीही काही त्या दिवशी दगावले. वाचलेल्यांना शहरवासीयांनी आसरा दिला, मदत केली. पुष्कळ व्यापारी कोबे बंदरात निघून गेले, तेव्हा त्यांनी परत यावे म्हणून शहराने खटपट केली आणि काही परतलेही. या उपकाराची आठवण म्हणून आणि आपल्या मृतांच्या स्मरणार्थ तेथील भारतीय समाजाने १९३९ मध्ये ही पाण्याची वास्तू शहराला अर्पण केली. तिला तेथे 'भारतीय जलमनोरा' म्हणतात. मला मात्र दुसरा शब्द सुचला नाही. आपल्या भाषेत तिला पाणपोईच म्हणावे. दरवर्षी १ सप्टेंबरला तेथील भारतीय तिच्यापाशी जमून स्मरण करतात.

सौ.ने घुमटाखाली नकळत हात जोडले. मी मात्र बाईंना विचारले, "शहर सगळ्याच परक्यांशी असे वागले काय?" प्रश्न जरा आगाऊ होता. बाई थोडा वेळ समुद्राकडे पाहत राहिल्या. मग त्यांनी शांतपणे सांगितले, की नाही. त्याच दिवसांत कोरियन लोक विहिरींत विष कालवीत आहेत अशा अफवा उठल्या आणि तोक्यो-योकोहामा भागात राहणाऱ्या अनेक कोरियन माणसांना जमावांनी आणि इतरांनी ठार मारले. "पाहुण्यांना हे सांगू नये असे काहींना वाटते," त्या म्हणाल्या, "पण पाण्याची गोष्ट सांगायची तर विहिरीची गोष्टही सांगावी लागते." शाळेत शिकविणारी माणसे निवृत्त झाली तरी शिकवीतच राहतात, ती अशी.

संध्याकाळी त्यांनी आम्हांला सांकेइएन या बागेत नेले. रेशमाचे व्यापारी हारा तोमितारो यांनी ही आपली बाग १९०६ मध्ये लोकांना खुली केली. १९१६ मध्ये रवींद्रनाथ टागोर येथे मुक्कामाला होते. भूकंपानंतर शहर पुन्हा उभे करण्यात हेच हारा पुढे होते. बाग अप्रतिम आहे. तळे, पूल, जुना तीनमजली पॅगोडा. तिचे वर्णन करणारे पुष्कळ आहेत. माझे मन मात्र पाणपोईपाशी अडकले होते. निरोपाच्या वेळी मी बाईंना वरची थोडी रक्कम देऊ केली. त्यांनी ती दोन्ही हातांनी परत केली आणि चटणीची कृती मात्र मागून घेतली.

आपण स्थायिक माणसे आहोत. परक्या मुलखात येऊन राहिलो म्हणा, की आपण जागीच राहिलो आणि मुलखाचे नाव बदलले म्हणा. सदलग्यात या दोन्ही प्रकारची घरे आहेत. अशा माणसांच्या स्मृती दोन पेट्यांत असतात. एका पेटीत आपल्यावर झालेला अन्याय असतो, दुसरीत आपल्याला मिळालेला आसरा. पहिली पेटी आपण नीट जपली आहे. आमच्या घरी वडिलांनी ठेवलेल्या सीमा-सत्याग्रहाच्या काळातील पत्रकांचा गठ्ठा अजून आहे, १९६७ च्या महाजन आयोगाच्या अहवालाची कात्रणे आहेत. ती जपावीत, पुढच्या पिढीला दाखवावीत, असेच मी म्हणेन. दुसरी पेटी मात्र बहुतेक घरांत तोंडीच आहे.

जुलै-ऑगस्ट २००५ च्या महापुरात दूधगंगेचे पाणी चढत आले, तेव्हा मी नोकरीच्या गावी होतो आणि रस्ते बंद झाले होते. सदलग्याच्या घरात आई एकटी होती. शेजारच्या कन्नड जैन कुटुंबातील काकूंनी गुडघाभर पाण्यातून येऊन तिचा हात धरला. "बर्री अव्वा, म्याल बर्री," एवढेच म्हणत त्या तिला आपल्या माडीवर घेऊन गेल्या. आईला कन्नड जेमतेम येई, काकूंना मराठी तितकेच. अकरा दिवस त्या दोघी एका चुलीवर राहिल्या. काकूंचे सोवळे कडक, सूर्यास्तानंतर जेवण नाही. आईनेही ते अकरा दिवस पाळले. २०१९ चा पूर आला तेव्हा दोघीही हयात नव्हत्या. पण काकूंच्या नातवाने न विचारता आमच्या घरातील धान्याची पोती आपल्या माडीवर चढवून ठेवली होती. हे सारे आमच्याकडे जेवताना सांगितले जाते. कागदावर त्याची एक ओळ नाही.

कोणी म्हणेल, आभार मानले की मागणी सैल पडते. मला तसे वाटत नाही. योकोहामातील भारतीय व्यापारी पाणपोई बांधून जपानी झाले नाहीत. घुमट त्यांनी आपल्याच वळणाचा उभारला. उलट उपकाराची नोंद ठेवणाऱ्याने अन्यायाची नोंद मांडली तर ती अधिक विश्वासाने वाचली जाते, हे मला नोकरीत फायली वाचताना नेहमी जाणवले आहे. आणि विहिरीची गोष्ट विसरावी असेही नाही. अफवेने शेजारी पेटू शकतो आणि आपणही पेटू शकतो, हे दोन्ही भाषांच्या माणसांनी लक्षात ठेवण्यासारखे आहे.

आचार्य विद्यासागरजी सदलग्याचे. मातृभाषा कन्नड असून त्यांनी 'मूकमाटी' हे महाकाव्य हिंदीत रचले. २०२४ मध्ये त्यांचे निर्वाण झाल्यावरही मध्य प्रदेशातून दर्शनार्थी आपल्या गावी येतात आणि बसथांब्यावर हिंदीत रस्ता विचारतात. आपण बोट दाखवितो आणि ते जातात. मागल्या महिन्यात अशा एका कुटुंबाबरोबर मी स्वतः चालत गेलो. वाटेत त्यांतील आजोबांनी नदीची खूण विचारली. मी त्यांना पुराची पातळी दाखविली आणि ती माडीही दाखविली. आजोबा माडीखाली चांगली पाच मिनिटे उभे राहिले.

आपल्या मंडळापुढे म्हणून एक सूचना ठेवतो. पाणपोई बांधण्याइतका पैसा आपणांपाशी नसेल. पण प्रत्येक जुन्या घराने दोन पाने लिहावीत. आपल्या घराला कोणी, केव्हा, कोणत्या अडचणीत हात दिला, एवढेच त्यांत असावे. देणाऱ्याच्या घरच्यांना विचारून त्याचे नाव घालावे आणि ती पाने कन्नडमध्येही करून त्यांच्या हाती द्यावीत. भाषांतराचे काम मी आनंदाने करीन. इतकी वर्षे दोन्ही भाषांतील कागद हाताळले, त्यांत असा कागद एकही आला नव्हता. काकूंच्या नातवाला मी विचारले आहे. तो म्हणाला, "लिहा, पण आजीचे नाव बरोबर लिहा, सगळे ते चुकवतात."