वर्दीला ऊन

पाऊस परतला की आश्विनातलं ऊन आमच्या अंगणात यायचं ते हळदीच्या पावलांनी. पितळी, निथळतं, ओल्या भिंतींना हात लावून बघणारं. त्या उन्हाची आजी वर्षभर वाट बघायची. गोधड्या निघायच्या, घोंगड्या निघायच्या, तिच्या लग्नातलं लुगडं निघायचं, मिरच्या-मटकीच्या वाळवणाशेजारी घराचं सगळं पोट उघडं पडायचं. आणि सगळ्यांत शेवटी, दुपार कलायच्या आत, माळ्यावरची काळी पत्र्याची ट्रंक खाली यायची. तिच्या झाकणावर पांढऱ्या रंगात आजोबांचा नंबर, हुद्दा आणि नाव लिहिलेलं होतं, त्याच क्रमानं.

आधी नंबर. मग नाव.

झाकण उचललं की डांबराच्या गोळ्यांचा, वाळल्या कडुनिंबाचा, जुन्या लोकरीचा आणि बुटाच्या पॉलिशचा एक मिसळलेला वास वर यायचा. माझ्या लेखी तोच आजोबांचा वास, कारण ते गेले तेव्हा मी तीन वर्षांची होते आणि दुसरी कुठलीच आठवण माझ्यापाशी नव्हती. आजी एकेक चीज बाहेर काढायची. खाकी सुती अर्धी चड्डी, खळ देऊन देऊन कागदासारखी झालेली. हिरवा सदरा. आणि जाड लोकरीचा, कमरेपाशीच संपणारा आखूड कोट, त्याच्या गळ्याशी एक लोखंडी हुक. त्याला आजी 'इटलीचा कोट' म्हणायची. तो दोरीवर चढला की वाऱ्यानं भरायचा, बाह्या किंचित उचलल्या जायच्या, आणि कोपरांपाशी वर्षानुवर्षं साचलेला बाक कुणीतरी आत हात घातल्यासारखा जागा व्हायचा.

"पोरी, सावली पडतीया, जरा अलीकडं वढ," आजी म्हणायची. जणू आतल्या माणसाला थंडी वाजेल.

मराठीत 'वर्दी' या शब्दाला दोन घरं आहेत. एका घरात ती अंगावर चढते, दुसऱ्या घरात ती कानावर येते. पाहुणे वेशीपाशी आल्याची वर्दी येते, चोरीची वर्दी ठाण्यात द्यावी लागते. कापड आणि खबर, दोन्हींना एकच नाव. लहानपणी मला याचं नवल वाटायचं. मोठी झाल्यावर कळलं की आमच्या सातारा भागात ही दोन्ही घरं एकाच भिंतीला भिंत लावून उभी आहेत. जिथं पहिली वर्दी गेली, तिथं आज ना उद्या दुसरी येईल अशी धास्ती घेऊनच बायका चूल पेटवत. साताऱ्याजवळच्या अपशिंगे गावातून पहिल्या महायुद्धात गेलेल्यांपैकी ४६ जण परतले नाहीत. त्या गावाचं नावच पुढे 'अपशिंगे मिलिटरी' पडलं. एका गावावर ४६ वेळा वर्दी.

आमच्या घरीही त्याच लढाईतली एक आली होती. पणजोबा मेसोपोटेमियात गेले. कुतच्या वेढ्यात तीन मराठा पलटणी अडकल्या होत्या; महिनोन्‌महिने उपासमार सोसून २९ एप्रिल १९१६ ला ते ठाणं पडलं. पणजोबांचं तिकडेच कुठेतरी झालं. पायाला पट्ट्या गुंडाळून गेलेला तो माणूस. 'पट्टी' हा आपला साधा शब्दही हिंदी पलटणींच्या पायांनी चालत इंग्रजीत गेला आणि तिथंच राहिला. शब्द राहिला, माणूसही राहिला. घरी आली ती एक काशाची तबकडी. युद्धात कामी आलेल्या प्रत्येकाच्या घरी तेव्हाचं सरकार तशी पाठवत असे: हातात माळ धरलेली देवीसारखी बाई, तिच्यापाशी सिंह, आणि कडेला उठावाच्या इंग्रजी अक्षरांत मेलेल्याचं नाव. नुसतं नाव. हुद्दा नाही, नंबर नाही. पणजीला ते वाचता येत नव्हतं. तिनं ती तबकडी देव्हाऱ्यात पूर्वजांच्या टाकांशेजारी मांडली, आणि तिकडून आलेली ती निरोपाची खूण आमच्या कुळाचा एक टाक होऊन बसली.

बसऱ्याला त्या लढाईतल्या मृतांचं मोठं स्मारक आहे. त्यावर गोऱ्या सैनिकांची नावं कोरली गेली. हिंदी शिपायांच्या वाट्याला पलटणीचं नाव आणि त्यापुढे आकडा आला. देव्हाऱ्यात नाव, बसऱ्याला आकडा. या दोहोंच्या मधल्या वाटेवर, मला वाटतं, प्रत्येक शिपाई आपली वर्दी घालून उभा असतो.

गणवेश. गणाचा वेश. म्हणजे एकाचा नव्हेच. शिवाजी महाराजांच्या मावळ्याला असा वेश नव्हता. ज्याचा त्याचा आंगरखा, ज्याचं त्याचं मुंडासं, आणि पावसापाण्यात खांद्यावर घोंगडी. ती पांघरून कड्याशी बसला तर तो माणूस आहे की दगड हे दहा पावलांवरून कळू नये. सह्याद्रीनं आपल्या माणसांना आपलाच रंग देऊ केला होता, कुणी शिंपी नेमावा लागला नाही. एकसारखेपणा आला तो समुद्रावरून, कंपनीच्या कवायतीबरोबर, आणि आला तो लालभडक होऊन. मुंबई इलाख्याचा तो जुना शिपाई डोळ्यांपुढे आणून बघा: वर विलायती लाल कोट, खाली मांडीपर्यंतची आखूड विजार, आणि पायांत देशी चपला. कमरेच्या वर एक देश, कमरेच्या खाली दुसरा. त्या दोन देशांमधून पट्टा आवळून तो चालत असे. मराठा पलटणींपैकी एकीच्या लाल कोटावर गळपट्टी आणि मनगटपट्टी काळी होती. तिला लोकांनी 'काळी पाचवीन' म्हटलं, आणि लाल कोट जाऊन कितीतरी दशकं उलटली तरी त्या बटालियनचं हे लाडकं नाव अजून टिकून आहे. एखाद्या नवऱ्या मुलीचं माहेरचं नाव माजघरात ऐकू येत राहावं तसं.

कापड ही वरवरची गोष्ट आहे असं कुणी म्हणू नये. १८०६ साली वेल्लोरच्या किल्ल्यात शिपाई उठले त्यामागे एक नवी टोपी होती, तिच्यावर चामड्याचा तुरा होता, कपाळावरचं गंध पुसण्याचा आणि दाढी काढण्याचा हुकूम होता. माणूस अंगावर परका कोट घेतो, पायांत परकी चाल घेतो, परक्या भाषेतले हुकूमही पाठ करतो. कपाळ मात्र तो देत नाही.

लाल रंगाला तेव्हा अर्थ होता. तोफांचा, बंदुकांचा काळा-पांढरा धूर रणभर दाटायचा, आणि त्या धुरात आपला कोण, परका कोण हे ओळखायचं तर रंगानंच ओरडायला हवं. म्हणून एक फौज मंजिष्ठेच्या मुळांसारखी लाल, एक निळीसारखी निळी. शत्रूला दिसावं म्हणूनच सजलेले पुरुष, छातीवर पितळेच्या रांगा, डोक्यावर पिसं, मोरांनी पावसाला सामोरं जावं तसे मरणाला सामोरे जात होते. मग बिनधुराची दारू आली. धूर विरला, नजर लांब पोचली, आणि रंग हाच गुन्हा ठरला. फ्रान्सचे पायदळ शिपाई १९१४ च्या ऑगस्टमध्ये लाल विजारी घालूनच लढाईत उतरले होते, पिकल्या शेतांमधून, भर उन्हात. त्या महिन्याच्या २२ तारखेला, एका दिवसात, त्यांची सुमारे २७ हजार माणसं पडली. पुढे वर्षभरात ती लाल विजार गेली आणि क्षितिजासारखा फिका निळा रंग आला.

दिसण्याचे दिवस संपले. लपण्याचे आले.

लपण्याचा रंग मात्र त्याआधीच आपल्या उपखंडात जन्मला होता. पेशावरला १८४६ साली लम्सडेन नावाच्या इंग्रज अधिकाऱ्यानं 'गाइड्स' ही पलटण उभी केली, आणि त्या रुक्ष डोंगरांत लाल कोट घालून फिरणं म्हणजे मरण ओढवून घेणं हे त्याला उमगलं. पांढरं सुती कापड चिखलात मळून, तुतीच्या रसात बुडवून मातकट केलं असं सांगतात. १८५७ च्या उन्हाळ्यात गोऱ्या पलटणींनी आपले पांढरे कपडे चहाच्या पाण्यात, चिखलात, हाताशी येईल त्यात रंगवले. प्रत्येक हंड्यातून वेगळीच छटा निघायची. पुढे ती सगळी छटांची गर्दी एका रंगात मुरली, जगभरच्या सैन्यांनी तो पांघरला, आणि त्याचं नाव मात्र फारसीतलंच राहिलं. खाक म्हणजे माती, धूळ. खाकी म्हणजे मातीचा.

आणि मराठीत? मराठीत आपण म्हणतो, जळून खाक झालं.

हा शब्द मी हजारदा उच्चारला असेन. एका दुपारी, आजीच्या मागून ती चड्डी घडी करताना, तो एकाएकी माझ्या हातात उघडला. रणांगणावर लपायचं म्हणून माणसानं जो रंग निवडला तो शेवटी आपण जे होणार त्याचाच होता. उरल्या आयुष्याच्या राखेचा सदरा आधीच शिवून, इस्त्री करून, पितळी बटणं लावून विशीतला पोरगा घालतो आणि ताठ उभा राहतो. माती होऊन मातीवर पडून राहायचं, म्हणजे माती व्हायची वेळ टळेल. केवढा विश्वास, केवढी विनवणी त्या एका रंगात.

मातीही जागोजागची वेगळी, म्हणून वर्दी तिच्यामागे धावत राहिली. ब्रह्मदेशाच्या रानात खाकी उठून दिसू लागली तेव्हा तीच कापडं हिरवी झाली. स्वातंत्र्यानंतर आपल्या भूदलानं ऑलिव्ह हिरवा जवळ केला, बर्फात पांढरे वेश आले. १५ जानेवारी २०२२ च्या सेनादिनाला नवा लढाऊ पोशाख लोकांसमोर आला, त्याच्यावर मातीचे आणि पानांचे रंग बारीक चौकोनांत फुटलेले आहेत. आमच्या घरातला एक मुलगा आता तो घालतो. फोनवर त्याचा चेहरा दिसतो तेव्हा जोडणी खराब असली की त्याच्या सदऱ्याचे चौकोन आणि पडद्याचे चौकोन एकमेकांत मिसळतात, आणि क्षणभर तो मला दिसेनासा होतो.

आजीच्या बटव्यात दोन पितळी बटणं होती. एकावर मुकुट, एकावर तीन तोंडांचे सिंह. प्रजासत्ताक आलं, मुकुट उतरले, अशोकाचे सिंह चढले. आजोबांनी दोन्ही लावली, दोन्ही घासून लखलखीत ठेवली. मी विचारायची, "आजी, आजोबा इंग्रजांसाठी लढले का?" ती मिरच्या उलटत म्हणायची, "शेजारच्या पोरासाठी लढलं." मला ते उत्तर तेव्हा अपुरं वाटायचं. इटलीत, १० जुलै १९४४ ला, माणगावकडचे नाईक यशवंत घाडगे सोबतचे सगळे पडल्यावर एकटेच मशीनगनवर चालून गेले. त्यांचा देह सापडला नाही. व्हिक्टोरिया क्रॉस मागे आला आणि कासिनोच्या स्मारकावर नाव राहिलं. ते बाविशीत होते. अशा वेळी माणूस कुणाच्या मुकुटासाठी धावत असेल, हे आता मला विचारावंसं वाटत नाही. शेजारी पडलेल्यांच्या अंगावर आपल्यासारखाच सदरा असतो, एवढं त्याला दिसत असेल.

आजोबा सुट्टीवर यायचे ते वर्दीतच. फाट्यावर उतरून, खांद्यावर होल्डॉल टाकून शेतांमधून चालत. गाव बघायचं. चावडीपाशी ते सगळ्यांना सलाम घालत, देवळापाशी बूट काढत, आणि घराच्या ओसरीवर चढले की सगळ्यांत आधी गळ्याचा हुक सोडत. टिक्‌ असा बारका आवाज व्हायचा. आजी आत चुलीपाशी असायची. सासूसासऱ्यांपुढं तिला बाहेर येता यायचं नाही. "त्यो आवाज आला की कळायचं," ती सांगायची, "आता ह्ये आपलं."

ते वारले तेव्हा कुणीतरी सुचवलं म्हणे, कोट चितेवर ठेवूया. आजी बोलली, "नगं. त्यो सरकारचा हाय. मानूस माझा व्हता." आणि तरी त्यानंतर वीस वर्षं, दर आश्विनात, त्या सरकारी कोटाला ती ऊन दाखवत राहिली.

आता आजी नाही. अंगण नाही. ट्रंक माझ्याकडे पुण्याला, तिसऱ्या मजल्यावर आहे. झाकणावरचा नंबर पुरता पुसला, नावातली दोन अक्षरं उरली आहेत. यंदा पाऊस लांबला. दिवाळीच्या तोंडावर एका सकाळी गॅलरीत ते ओळखीचं पितळी ऊन आलं, तेव्हा मी कोट काढला. झटकला. हँगरवर चढवला, खांदे सारखे केले, बाह्या खाली ओढल्या, कॉलर बसवली, हुक लावला. सुरेख दिसत होता. फोटोतल्यासारखा ताठ, एकटा, कुणाचाही.

वारा आला. कोपरं किंचित वाकली.

मी पुढे होऊन गळ्याचा हुक सोडला.