खेड तालुक्याचा कान

संगीतकार अजय-अतुल आपल्याच भागात वाढले, हे महाळुंग्यात नव्यानं राहायला आलेल्या पोरांना सांगितलं तर खरं वाटत नाही. वडील महसूल खात्यात. बदली होईल तिथं बिऱ्हाड. राजगुरूनगर, जुन्नर, शिरूर. घरात गाण्याची परंपरा नाही. मग शिकायचं कुठं? जत्रेत, भजनात, वरातीच्या बँडमागं चालता चालता.

गावच्या गाण्यातून सिनेमाचं संगीत करणाऱ्या आयर्लंडच्या शॉन ओ रीअडा या संगीतकाराचं नाव इथं काढायला हवं. 'मिशे एरे' हा १९५९ चा चित्रपट, स्वातंत्र्यलढ्याच्या जुन्या चित्रफिती जोडून केलेला. त्यासाठी त्यानं 'रोशीन डुव' ही पिढ्यान् पिढ्या गायली जाणारी लोकधून उचलली आणि थेट सिम्फनी ऑर्केस्ट्राच्या हवाली केली. पुढं तो कॉर्कमधल्या कूल एआ या आयरिश बोलणाऱ्या गावात जाऊन राहिला, गावकऱ्यांचा गायकवृंद उभा केला. चाळिशीतच गेला, १९७१ साली.

'सैराट' या २०१६ च्या चित्रपटासाठी अजय-अतुलनी हॉलिवूडच्या सोनी स्टुडिओत वाद्यवृंद वाजवून घेतला. व्हायोलिनांनी गावाच्या गाण्याला मोठेपण दिलं, असं तेव्हा बरेच जण म्हणाले. मला ते उलटं वाटतं. व्हायोलिनं काढा, चाल पेटीवरही उभी राहते. चाल काढा, मग ती सगळी व्हायोलिनं नुसतीच पाहुणी. आडात होतं म्हणून पोहऱ्यात आलं.

आणि हलगीला कुठला आलाय वाद्यवृंद! पावसाळी हवेत कातडं सैल पडतं. मग वाजवणारा वरात थांबवून रस्त्याकडेला कागद-चिपाडं पेटवतो, हलगी आचेवर फिरवतो, बोटानं टिचकी मारून बघतो. टणत्कार आला की उठतो. तोवर नवरदेवानं घोड्यावर बसून राहायचं.

संगीतकाराला डोंगरदऱ्या स्फूर्ती देतात म्हणे. आमच्याकडं भामचंद्र डोंगर आहे, तुकोबांच्या चिंतनाची जागा. पण डोंगर चाल देत नाही. त्याच्या पायथ्याशी माणसं काय गातात, त्यावर सगळं. आता पायथ्याशी एमआयडीसी आहे. प्रेस शॉपचे ठोके, शिफ्टच्या बसचे हॉर्न, देवळाच्या कर्ण्यावर हरिपाठ, आणि भाड्याच्या खोल्यांच्या रांगेत बिहारच्या पोरांच्या मोबाइलवर भोजपुरी. इथं वाढणाऱ्या दहा वर्षांच्या पोराच्या कानात हे सगळं एकदमच शिरतंय. त्यानं उद्या सिनेमाला संगीत दिलं, तर त्यात भोजपुरी ठेका असणारच. आणि हे आपलं नव्हेच, म्हणून आपणच आधी बोंब मारणार.

वरातीत 'सैराट'मधलं 'झिंगाट' वाजायला लागलं तेव्हा आमच्या आळीतले टाळकरी असेच कुरकुरले होते. पुढच्या सप्ताहात त्यांनीच त्या चालीवर गवळण बसवली; पखवाजवाल्याला तेवढी लय झेपेना.