पिपरहव्याहून नागोयाला

दीक्षाभूमीवर धम्मचक्र प्रवर्तन दिनाच्या गर्दीत, पुस्तकांच्या स्टॉलवर एक वयस्क गृहस्थ सहज बोलून गेले, "बुद्धाच्या अस्थी जपानातही आहेत बरं का, नागोयात. आपल्याच मातीतून गेल्या." नागपूरच्या प्रवाशाच्या मनात ते वाक्य घर करून बसलं. जपानला जायचा योग आला तेव्हा क्योतोचे दिवस कमी करून त्याने नागोया गाठलं.

स्टेशनजवळच्या हॉटेलने पहिल्याच रात्री जीव मेटाकुटीला आणला. बॅग उघडायची तर पलंगावरच, आणि खिडकी अजिबात न उघडणारी. सकाळी किल्ला. छपरावरचे ते प्रसिद्ध सोनेरी शाचिहोको, वाघाच्या तोंडाचे मासे, उन्हात झळकत होते. पण मूळ बुरूज 1945च्या बॉम्बहल्ल्यात जळाला. समोर उभा आहे तो 1959चा, काँक्रीटचा, आणि 2018पासून त्याच्या आत कुणाला सोडत नाहीत. प्रवाशाने खालूनच मान वर करून पाहिलं आणि भुयारी रेल्वे पकडली.

काकुओझान स्टेशनातून वर आलं की जुन्या दुकानांमधून जाणारा रस्ता थेट निताइजी मंदिराच्या दारात नेतो. जपानमधलं बौद्ध मंदिर कुठल्या ना कुठल्या पंथाचं असतं. हे मात्र एकाचंच नाही. 19 पंथांकडे त्याचा कारभार आळीपाळीने येतो. आवारात एका परक्या राजाचा पुतळा आहे: सयामचा राजा चुलालोंगकोर्न. तो इथे का, हे समजून घ्यायचं तर 1898 सालच्या बस्ती जिल्ह्यात जावं लागतं.

त्या वर्षी जानेवारीत विल्यम पेपे या इंग्रज जमीनदाराने नेपाळच्या सीमेलगत, आपल्या इस्टेटीतला पिपरहव्याचा स्तूप खणला. खोलवर एक अवजड दगडी पेटी लागली. तिच्यात अस्थी, रत्नं, सोन्याची फुलं आणि बुद्धाच्या शाक्य कुळाचा उल्लेख असलेला ब्राह्मी लेख कोरलेली एक कुपी. जमीन साहेबाची, राज्य साहेबांचं. मग अस्थींचं काय करायचं तेही त्यांनीच ठरवलं. 1899मध्ये त्या सयामच्या राजाला भेट गेल्या. स्वतंत्र देशाच्या गादीवर बसलेला तो एकमेव बौद्ध राजा होता, आणि फ्रेंच त्याच्या राज्याचे लचके तोडत असताना त्याच्याशी गोडीत राहणं इंग्रजांच्या सोयीचं होतं. राजाने त्यातला वाटा ब्रह्मदेशाला आणि सिलोनला दिला. जपानचे बँकॉकमधले वकील इनागाकी मान्जिरो यांनी आपल्या देशासाठीही मागणी केली.

जपानी बौद्धांना या अस्थी जिवापाड हव्या होत्या. 1868 नंतर मेजी राजवटीने शिंतो आणि बौद्ध धर्म वेगळे केले, त्या लाटेत कित्येक मंदिरं उद्ध्वस्त झाली, मूर्ती फुटल्या. राष्ट्र नव्याने घडत असताना आपणही त्याचे भाग आहोत हे भिक्खूंना सिद्ध करायचं होतं. 1900च्या जूनमध्ये ओतानी कोएन यांच्या नेतृत्वाखालचं शिष्टमंडळ बँकॉकहून अस्थी घेऊन निघालं. मात्र त्या ठेवायच्या कुठे यावरून पंथापंथांत जुंपली. क्योतोचा आग्रह होता. पण नागोयाकरांनी विस्तीर्ण जमीन देऊ केली आणि बाजी मारली. 1904मध्ये मंदिर स्थापन झालं. जपान त्या वर्षी रशियाशी लढत होता.

अस्थींचा स्तूप मुख्य आवारापासून वेगळा, झाडीत आहे. इतो चूता या वास्तुशिल्पीने तो 1918मध्ये गांधार शैलीत ग्रॅनाइटचा बांधला. समोरून हात जोडायचे, इतकंच. प्रवासी तिथे बराच वेळ थांबला. मंदिराच्या नावात जपान आहे, आधी सयामही होता, आणि सयामचा थायलंड झाल्यावर नवं नावही आलं. भारत त्या नावात नाही. असणार तरी कसा? 1900मध्ये देणारा देश म्हणून भारताचं अस्तित्वच नव्हतं.

या अस्थी खरोखर बुद्धाच्या का, हा वाद जुना आहे. शेजारच्याच टापूत खणणारा सरकारी पुरातत्त्वज्ञ फ्यूरर बनावट अवशेष विकताना पकडला गेला आणि 1898मध्येच त्याची नोकरी गेली. त्याची सावली पिपरहव्यावरही पडली. लेखाचा अर्थ लावताना जॉन फ्लीट यांनी म्हटलं, या बुद्धाच्या नव्हेत, त्याच्या आप्तांच्या अस्थी. फ्लीट यांचं म्हणणं प्रवाशाला पटत नाही. 1971 ते 1973 या काळात के. एम. श्रीवास्तव यांनी त्याच स्तूपात आणखी खाली खणलं, तेव्हा जळक्या अस्थी असलेल्या आणखी दोन कुप्या निघाल्या. एकाच जागी, वेगवेगळ्या काळात, पुन्हा पुन्हा जपलेलं हे ठेवणं साध्या नातलगांसाठी कशाला कोण करील?

अस्थी सयामला गेल्या त्याच काळात, 1899च्या अखेरीस, गोव्यातल्या सांखवाळचा एक तरुण घर सोडून निघाला होता. धर्मानंद कोसंबी. त्यांना बुद्धाचा धर्म शिकायचा होता आणि तो शिकवणारं कुणी सापडेना. पुणे, काशी, नेपाळ असं भटकत ते 1902मध्ये सिलोनला पोहोचले, तेव्हा कुठे पाली शिकायला मिळालं. बुद्धाच्या भूमीतल्या माणसाला बुद्धासाठी समुद्र ओलांडावा लागला आणि अस्थी मात्र राजकारणाच्या जहाजातून आरामात परदेशी गेल्या, याचं प्रवाशाला मनापासून दुःख होतं. 2025मध्ये त्या पेटीतली, पेपे कुटुंबाकडे राहिलेली रत्नं लिलावात निघाली. भारत सरकारने हरकत घेतली, मुंबईच्या गोदरेज समूहाच्या साहाय्याने ती परत आली. अस्थींचं तसं व्हावं असं प्रवाशाला वाटत नाही. नागोयाने त्या शंभराहून अधिक वर्षं भक्तीने सांभाळल्या आहेत. पण आपल्या शाळेच्या इतिहासात पिपरहवा यायला हवा, ठळक अक्षरांत यायला हवा.

मंदिराला लागूनच योकिसो आहे, मात्सुझाकाया या दुकानसमूहाचे मालक इतो जिरोझाएमोन यांची बाग आणि वाडा. त्यांनी भारतातल्या बौद्ध स्थळांची यात्रा केली होती, आणि आशियातल्या विद्यार्थ्यांना ते इथे ठेवून घेत. 1937मध्ये बांधलेल्या चोशोकाकु या घराचं तळघर पाहून मराठी माणूस थबकतोच: हरिहरन नावाच्या भारतीय विद्यार्थ्याने भिंतीवर रंगवलेलं चित्र, अजिंठ्याच्या वळणाचं. त्याच वर्षी जुलैत जपान चीनवर तुटून पडला.

माहिती सांगणाऱ्या स्वयंसेवक आजोबांना अजिंठ्याविषयी किती विचारू आणि किती नको असं झालं होतं. प्रवाशाने मोबाइलवर लेणे क्रमांक 1 मधला पद्मपाणी दाखवला. दगडावर माती आणि भुशाचा गिलावा, त्यावर चुन्याचा पातळ हात, मग रंग, असं भाषांतराच्या ॲपवरून समजावलं. आजोबांनी वही काढली, थर एकाखाली एक लिहून घेतले आणि विचारलं, गिलाव्याला भुसा कसला, भाताचा का? साडेचारला वाडा बंद होतो; दारावरची बाई दोनदा येऊन गेली तरी दोघं भिंतीसमोरून हलायला तयार नव्हते.